वरकड दिवस: वहीत न मावणारे पाच दिवस (मदत हवी आहे)

खारुताई

मंडळी, दोनेक वर्षं एक कल्पित जग डोक्यात घेऊन फिरतेय. कथा अजून कागदावर नाही, पण पंचांग तयार आहे (हो, मी त्यातली). ते एकदा तुमच्यासमोर ठेवते, चिरफाड करा.

तारवा नावाची नदी. तिच्या दोन्ही काठांवर वस्ती, मध्ये नावांची ये-जा. प्रत्येक काठावर एक धान्यकोठार, आणि कोठारात एक वही. वर्षाची वही बारा पानांची, पानावर तीस ओळी, दिवसाला एक ओळ. कोणी किती धान्य नेलं, कोणाच्या घरी मूल झालं, कोण किती दिवस बांधाच्या कामावर होतं, सगळं त्या-त्या दिवसाच्या ओळीत. ३६० ओळी संपल्या की वही संपली. वर्ष मात्र ३६५ दिवसांचं. तर हे उरलेले पाच दिवस म्हणजे 'वरकड'. या दिवसांना ओळ नाही, म्हणून व्याज चढत नाही, मजुरी लागत नाही, वसुलीला कोणी येत नाही.

विधी असे:

पहिला दिवस, वही बांधण्याचा. कोठावळीण वही फडक्यात गुंडाळून आढ्याला टांगते. मग तिच्या उजव्या हाताचा अंगठा आणि शेजारची दोन बोटं ओल्या सुताने एकत्र बांधतात. सूत वाळलं की आवळतं. पाच दिवस तिने लिहायचं नाही.

दुसरा दिवस, मापं पालथी घालण्याचा. धान्य द्यायचं तर ओंजळीने.

तिसरा दिवस, नाव ठेवण्याचा. सकाळी नदीवर जाऊन आपलं नाव पाण्याला सांगायचं आणि तिथेच ठेवून यायचं. दिवसभर सगळे एकमेकांना नुसतं 'अगं' आणि 'अरे'.

चौथा दिवस, मेलेली माणसं घरी येतात. त्यांच्यासाठी एक पाट रिकामा.

पाचवा दिवस: इथे माझी गाडी अडलीय. काहीच सुचत नाहीये.

तारवाखोऱ्याचा लिखित इतिहास ८०० वर्षांचा. नवं वर्ष पुराच्या पहिल्या पाण्याबरोबर सुरू होतं. बोला.

तिरकस

पहिला! सूत वाळून आवळतं हे आवडलं. चौथा दिवस काढून टाका. कुठल्याही कल्पित जगात जा, जास्तीचा दिवस आला की मेलेले हजर. त्यांना तरी सुट्टी द्या.

गणितमास्तर

खारुताई, राग मानू नका, पण तुमचा पूर वाहून गेलाय.

तुमचा सूर्य आपल्यासारखाच असेल तर वर्ष ३६५ दिवसांचं नसतं, साधारण ३६५.२४२२ दिवसांचं असतं. दर वर्षी पाव दिवसाच्या जरा आत बाकी उरते. ८०० ला ०.२४२२ ने गुणा: जवळजवळ १९४ दिवस. म्हणजे पहिल्या वर्षी नववर्षाला पूर आला असेल, तर आठशेव्या वर्षी नववर्षाला नदीचं पात्र कोरडं. लोक वाळूत उभे राहून पुराची पूजा करतायत.

खारुताई

बाप रे. १९४! मी आपली ३६५ म्हणून मोकळी झाले होते.

जुनाजाणता

मास्तरांचा हिशोब बरोबर आहे, पण ही चूक म्हणून पुसू नका. प्राचीन इजिप्तमध्ये नेमकं हेच झालं होतं. तीस दिवसांचे बारा महिने आणि वर पाच दिवस, लीप वगैरे काही नाही. नववर्ष चार वर्षांत एक दिवस सरकायचं, आणि सगळे ऋतू फिरून जागेवर यायला साधारण १४६० वर्षं. तिथेही वर्षाचा पहिला ऋतू पुराच्या नावाचाच होता. नाव पुराचं आणि बाहेर कापणी चाललीय, असं पिढ्यान्‌पिढ्या चाललं. इ.स.पू. २३८ मध्ये तिसऱ्या टॉलेमीच्या काळात पुरोहितांनी फर्मान काढलं की दर चौथ्या वर्षी सहावा दिवस घाला. फर्मान दगडावर कोरलं, तीन लिप्यांत. ते काही रुजलं नाही. सहावा दिवस पक्का व्हायला पुढे रोमन ऑगस्टस यावा लागला.

त्या पाच दिवसांची कथाही घ्या, प्लुटार्कने लिहून ठेवलीय. आकाशदेवी नूटला सूर्याचा शाप: कुठल्याही महिन्यात, कुठल्याही वर्षात तुला मूल होणार नाही. मग थोथ देव चंद्राशी सोंगट्या खेळला, त्याच्या उजेडातला थोडा थोडा भाग जिंकत गेला, आणि त्यातून पाच दिवस तयार केले. हे दिवस कुठल्याच महिन्यातले नाहीत, वर्षातलेही नाहीत, मग शाप लागू कसा होणार? पाच दिवसांत पाच मुलं: ओसायरिस, थोरला होरस, सेथ, आयसिस, नेफ्थिस.

शापाच्या शब्दांतली फट शोधणारा देव. अस्सल वकील.

कातरवेळ

मायांचं उलट. वीस दिवसांचे अठरा महिने आणि वर पाच दिवसांचा वायेब, आणि ते पाचही दिवस अशुभ. अॅझ्टेकांकडेही असेच पाच, आणि त्या दिवसांत जन्मलेल्या मुलाचं भाग्य फुटकं मानायचे. म्हणजे गणित तेच, एकाकडे देव जन्मले आणि दुसऱ्याकडे करंटी पोरं. तारवाच्या लोकांना हे दिवस शुभ वाटतात की अशुभ?

खारुताई

खरं सांगू? मी तो विचारच केला नव्हता. मला वाटतं ते ऋणकोला शुभ आणि सावकाराला अशुभ.

तिरकस

+१. हे उत्तर विधींच्या यादीपेक्षा भारी आहे. आणि एक विनंती, कृपया 'एक दिवस सगळे गुन्हे माफ' या वळणावर जाऊ नका. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच शेजाऱ्याचं तोंड बघायचं असतं.

अबोली२९

नावातच कळलं असेल, मी २९ फेब्रुवारीची. लहानपणी 'तुझा वाढदिवस चार वर्षांतून एकदाच!' हे ऐकून कान किटले, त्याचं काही नाही. पण एकदा एका अर्जासाठी रांगेत दोन तास उभी होते. त्यांच्या संगणकावर आधी दिवस, मग महिना आणि शेवटी साल विचारायचे. फेब्रुवारी निवडला की २९ गायब. काउंटरवरचा माणूस म्हणाला, '२८ टाकू का, काय फरक पडतो?' मी 'टाका' म्हणाले. मग पुढची सहा वर्षं प्रत्येक ठिकाणी दोन तारखा का आहेत, हे समजावत बसले.

म्हणून खारुताई, माझा प्रश्न एकच. वरकडीत मूल झालं तर वहीत कुठे लिहितात?

खारुताई

...

अबोली, तू माझा पाचवा दिवस दिलास बहुतेक. जरा विचार करून येते.

चकवा

तोपर्यंत तिसऱ्या दिवसाबद्दल. 'नाव ठेवण्याचा दिवस' असं लिहिलंयत आणि पुढचं पाऊल टाकलंच नाहीत! नाव ठेवायचा दिवस आहे तर *नावं* ठेवायचाही असणार ना. ज्याला आज नावच नाही, तो काय बोलला याचा जाब कोणाला विचारणार? कोठारासमोर उभं राहून कोठावळिणीच्या मापाला, मुखियाच्या न्यायाला, सगळ्यांना खुशाल नावं ठेवा. दुसऱ्या दिवशी कोणी तक्रार केली तर, 'कोण बोललं? कोणीतरी अगं.'

जुनाजाणता

चकवा, याला इतिहासात जोड आहे. फ्रेंच क्रांतीनंतर १७९३ मध्ये नवी दिनदर्शिका आणली, तीस दिवसांचे बारा महिने आणि अखेरीस पाच दिवस, लीप वर्षी सहा. सद्गुण, प्रतिभा, श्रम, मत आणि पुरस्कार असे त्यांचे सण, आणि सहावा क्रांतीचा. त्यातल्या 'मता'च्या दिवशी सरकारी अधिकाऱ्यांबद्दल नागरिकांनी वाटेल ते बोलावं, गाणी रचावीत, टिंगल करावी, अशी योजना होती. कल्पना झकास. पण त्याच दिनदर्शिकेने सात दिवसांचा आठवडा मोडून दहाचा केला. दर सातव्या दिवशी मिळणारी विश्रांती दहाव्यावर गेली. १८०६ सुरू होताच ती रद्द झाली.

माझा तर्क असा की जास्तीचा दिवस देणाऱ्याच्या दुसऱ्या हाताकडे नेहमी बघावं.

कातरवेळ

मला एक वेगळीच गोष्ट खुपतेय. 'मजुरी लागत नाही' म्हणजे काम बंद ना? शेळ्यांना कोणी सांगितलं का हे? दूध काढलं नाही तर सड सुजतात. चूल पेटायची ती पेटणारच, पाणी भरायचं ते भरावंच लागणार. बाळंतीण काय थांबते? तुमच्या वहीत बांधावरच्या कामाला ओळ आहे, पण या कामांना वर्षभरात कधी ओळ मिळाली आहे का?

नसेल, तर तिथल्या बायकांना वरकडीचं कौतुक ते काय? आमचे सगळेच दिवस वरकड, म्हणतील.

तिरकस

खल्लास. धागा इथेच संपला.

खारुताई

धागा संपलेला नाही, पण चौथा दिवस नक्की संपला. मेलेले परत गेले. आता असा: ज्या कामांना वहीत कधीच ओळ नसते ती कामं चौथ्या दिवशी वहीवाल्यांनी करायची. मुखिया पाणी भरणार, सावकार राख काढणार, बांधावरचा मुकादम शेळीखाली बसणार. कोठावळिणीची तीन बोटं बांधलेली आहेत, तरी तिला सूट नाही. आणि मुखियाने घागर फोडली, तर गावभर वर्षभर तोच विषय.

'आमचे सगळेच दिवस वरकड' ही ओळ कथेत घेऊ का, कातरवेळ?

कातरवेळ

घ्या की. वहीत लिहू नका म्हणजे झालं.

गणितमास्तर

विधी चालू द्या, पण १९४ दिवसांचं काय ठरलं? पर्याय मला दिसतात ते असे. एक, तुमच्या जगाचं वर्ष नेमकं ३६५ दिवसांचं ठेवा. तुमचं जग, तुमचा सूर्य, कोणी अडवणार नाही, फक्त ते मिळमिळीत होईल. दुसरं, चंद्रावर जा. चंद्राचा महिना सुमारे २९.५३ दिवसांचा, बारा महिने म्हणजे ३५४ आणि वर थोडं. सौरवर्षाशी जवळपास अकरा दिवसांची तूट पडते, आणि ती भरायला अडीच-पावणेतीन वर्षांनी अख्खा अधिकमास लागतो. मग पाच दिवसांचं तुमचं सगळं नाटकच मोडेल. तिसरं, दर चौथ्या वर्षी सहावा दिवस. तोही जरा जास्तच होतो, १२८ वर्षांत एक दिवस. युरोपात तेच साचत गेलं, म्हणून १५८२ मध्ये ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर करावा लागला. पण तुमच्या कथेला एवढ्याने भागेल.

जुनाजाणता

सहावा दिवस घेतलात तर तो *कोण* घालतं ते ठरवा. रोममध्ये जास्तीचा महिना कधी घालायचा ते पुरोहितमंडळ ठरवायचं. मित्र पदावर असेल तर वर्ष लांबवायचं, शत्रू असेल तर आखूड ठेवायचं. दिनदर्शिका इतकी ढळली की सीझरला ती जागेवर आणायला इ.स.पू. ४६ हे एक वर्ष ४४५ दिवसांचं करावं लागलं.

खारुताई

ठरलं! सहावा दिवस आहे, पण एकाच काठावर. २०० वर्षांपूर्वी उगवतीच्या कोठाराने दर चौथ्या वर्षी सहावी वरकड सुरू केली, मावळतीच्यांनी मानली नाही. त्यामुळे दर चौथ्या वर्षी एक दिवस नदीच्या दोन काठांवर दोन तारखा असतात. कशी वाटते?

गणितमास्तर

एक दिवस नाही हो! साचत जातं ते. चार वर्षांत एक, २०० वर्षांत ५०. मावळतीचं नववर्ष ५० दिवस आधी येईल.

खारुताई

अरेच्चा. मग ४० वर्षं करते. दहा दिवसांचा फरक?

गणितमास्तर

दहा. सहावा दिवस दर चौथ्या वर्षाच्या शेवटी धरला, तर एकेचाळिसाव्या वर्षात मावळतीच्या पाच वरकडी म्हणजे उगवतीच्या बाराव्या महिन्याच्या २१ ते २५ तारखा. मांडून पाहिलंय.

तिरकस

म्हणजे उगवतीचा कर्जबुडव्या आधी पाच दिवस मावळतीला पाहुणा, मग घरी येऊन स्वतःच्या पाच वरकडी. फक्त मधले पाच दिवस नदीत पोहत काढायचे.

चकवा

हे नाही चालायचं. कर्ज ज्या वहीत आहे त्या वहीचे दिवस मोजणार ना? माणूस कुठे बसलाय याच्याशी व्याजाला काय देणंघेणं? ब्रिटनने १७५२ मध्ये २ सप्टेंबरनंतर थेट १४ सप्टेंबर केला, तेव्हा कायद्यातच लिहून ठेवलं होतं की देणी नव्या तारखेमुळे लवकर देय होणार नाहीत, प्रत्यक्ष जेवढे दिवस व्हायचे तेवढे झाल्यावरच. सावकार झोपलेला नसतो.

तिरकस

व्याज चढू दे हो. वसुलीवाला तर दारात येणार नाही. तेवढंच सुख.

खारुताई

दोघंही बरोबर, आणि दोन्ही कथेत येणार. आता अबोलीच्या प्रश्नाचं.

वरकडीत जन्मलेल्या मुलाला यंदाच्या वहीत ओळच नाही. मग जुनी वही काढतात. गावातलं कोणीतरी आपल्या जन्माची ओळ त्याला देतं. त्या माणसाच्या नावाशेजारी, त्याच ओळीत, बाळाचं नाव. याला म्हणायचं 'ओळ देणे'. हाच पाचव्या दिवसाचा विधी. वरकडीत कोणी जन्मलं नसेल तर पाचवा दिवस रिकामाच जातो. तो रिकामा असणं हेही मला आवडायला लागलंय.

चकवा

थांबा थांबा. एकसष्ट वर्षांच्या आजीने ओळ दिली, तर वहीप्रमाणे बाळ एकसष्ट वर्षांचं? म्हातार्‍यांना बांधाच्या कामातून सूट असेल ना? जन्मल्या दिवसापासून सूट! मग बघा, लोक वरकडीतच मुलं होतील असा हिशोब करतील आणि म्हाताऱ्यांच्या ओळी विकत घेतील. पाच वर्षांत ओळींचा बाजार भरेल.

अबोली२९

चकवा, किती रुक्ष आहात तुम्ही! पण मुद्दा बिनतोड आहे. 😄

जुनाजाणता

याला रोमन कायद्याचं औषध आहे. त्यांचा लीप दिवस महिन्याच्या शेवटी नव्हता, २४ फेब्रुवारी हाच दिवस दोनदा यायचा. त्यातल्या कुठल्याही दिवशी मूल जन्मलं तरी फरक नाही, कारण कायद्याने ते दोन दिवस मिळून एकच. तसं इथे करा: एका ओळीतली दोन माणसं मिळून वहीला एकच. सूटही एकच. बाळाने घेतली तर आजीला बांधावर जावं लागेल.

कातरवेळ

आणि धान्यही एकाच माणसाचं. ओळ देणारा आपला अर्धा घास देतोय. मग कोण विकेल? आणि विकली, तर ती केवढ्या अडचणीतून विकली असेल.

खारुताई

रात्री बसून एवढं खरडलं. कच्चं आहे, सांभाळून घ्या.

*तिसऱ्या वरकडीला, भर दुपारी, मावळतीच्या काठावर मुलगी झाली. कळा सुरू झाल्या तेव्हा दिराने नाव सोडून ठेवली होती. 'पलीकडे साधा दिवस आहे, तेविसावी. तिथे ओळ आहे. अर्ध्या घटकेत पोचवतो.' ती काही बोलली नाही, उंबऱ्याला हात घट्ट धरून बसली. सुईण म्हणाली, 'नाव बांध परत. पाण्यात झाली तर कुठल्याच वहीची नाही.'*

*त्या दिवशी कोणालाच नाव नव्हतं, त्यामुळे मुलीला नाव नाही याचं कोणाला काही वाटलं नाही.*

*पाचव्या दिवशी, दिवेलागणीला, कोठारात नऊ माणसं होती. बाळाच्या आईने कोठावळिणीच्या बोटांवरचं सूत दातांनी तोडलं. सुताखालची कातडी पांढरी, सुरकुतलेली, बोटं एकमेकांना चिकटलेली. कोठावळिणीने ती झाडली, मांडीवर चोळली, काखेत धरली. मग एकोणसाठ वर्षांपूर्वीची वही उतरवली. सुईणीने ओळीवर बोट ठेवलं. 'ही माझी.'*

*'बांधावर जाशील या वयात?'*

*'आजवर कुठे बसून होते?'*

*कोठावळिणीने टाक उचलला, तो पडला. पुन्हा उचलला. बधिर बोटांनी काढलेलं अक्षर वाकडंतिकडं, पहिली वेलांटी पार वरच्या ओळीत गेलेली. खोऱ्यातल्या कुठल्याही जुन्या वहीत दिलेली ओळ शोधायला नाव वाचावं लागत नाही. अक्षर थरथरलेलं असतं.*

अबोली२९

ती वेलांटी वरच्या ओळीत गेली ना, तिथे मी थांबले. माझ्या त्या अर्जावरही २८ वर गिरवून २९ केलेला आहे.

तिरकस

खवचटपणा करायला आलो होतो, परत चाललो. फक्त एक, दातांनी सूत तोडते तेव्हा बाळ कोणाकडे आहे?

खारुताई

दिराकडे. आधी लिहिलं होतं, मग काढलं. परत घालते.

गणितमास्तर

तेविसावी लिहिलंयत, म्हणजे एकेचाळीस ते चव्वेचाळीसमधलं साल असायला हवं. पंचेचाळिसाव्याला तोच दिवस बावीस होईल.

खारुताई

एकेचाळिसावंच आहे, मास्तर. या वेळी मांडून पाहिलं.

कातरवेळ

सुईण बांधावर गेली की पुढच्या वरकडीत बाळंतपणं कोण करणार?

खारुताई

😐 पुढचा भाग.